खुराड्यातल्या गाद्या

शिवणवाली साठीला आली, डोळे दमले, तेव्हा तिने मशीनवरची कामं कमी केली आणि मागच्या दारी पाच कोंबड्या पाळल्या. लोकांच्या खुराड्यात फळ्या नि भुसा असतो. हिच्या खुराड्यात अंडी घालायच्या प्रत्येक खोक्यात कापूस भरलेली, मापात शिवलेली, कडेने गोट लावलेली गादी.

"आता पडदे तेवढे लावा," दवाखान्यात रक्त तपासणारी सून म्हणायची.

मग एक दिवस त्यातल्या लालीचा तुरा फिका पडला. ती कोपऱ्यात मान घालून बसू लागली. शिवणवालीने तिच्या शेपटीखाली फुंकर मारली, तर पिसांच्या मुळाशी टाचणीच्या टोकाएवढे किडे सैरावैरा पळाले. लालीला दिवसभर काखेत घेऊन हिंडणाऱ्या नातीच्या मनगटावरही त्याच आठवड्यात पुरळ उठलं.

"आई, दहा दिवस बघते. नाही गेलं, तर कोंबड्या जातील," सून म्हणाली.

"जातील म्हणजे कुठे गं?"

सून आत निघून गेली. कोंबड्या कुठे जातात हे काय कोणाला सांगावं लागतं?

गुरांच्या डॉक्टरने भुकटी दिली. पंखांखाली नि शेपटीभोवती चोळायची, दहाव्या दिवशी पुन्हा. किडे मेले तरी त्यांची अंडी औषधाला भीक घालत नाहीत. जाताना त्याने खुराड्यात डोकं घातलं आणि हसलाच. "मावशी, हे खुराडं आहे की लग्नघर? एकेका शिवणीत किडे दडलेत बघा. जाळून टाका हे सगळं."

लाड केले तेच नडले. शिवणवाली अंगणात बसली आणि एकेक गादी उसवू लागली.

"अहो, जाळायच्याच तर उसवताय कशाला?"

"शिवलेलं तसंच जाळवत नाही गं."

सुनेने तिच्या हातातून गाद्या ओढून घेतल्या आणि पत्र्याच्या डब्यात पेटवून दिल्या. मग फळ्या खरवडल्या, कढत पाण्याने धुतल्या, उन्हात टाकल्या. शिवणवाली लालीला गुडघ्यांत धरून भुकटी चोळू लागली, तर निम्मी स्वतःच्याच लुगड्यावर.

"सरका. दिसतंय तरी का तुम्हाला?" सून नाकाला फडकं बांधून पुढे आली.

रोज काचेखाली बारीकसारीक शोधणारे ते डोळे. तिने एकेक पीस उलटलं, एकही जागा सोडली नाही. पाचही कोंबड्या झाल्या, तेव्हा तिच्या भुवया पांढऱ्या झाल्या होत्या.

दहाव्या दिवशी नातीचं मनगट जवळजवळ साफ होतं. सून लालीवर ओणवी झाली. शिवणवालीने लालीला धरून ठेवलं होतं. तळहाताखाली कोंबडीचं काळीज भराभर उडत होतं. आपलं कुठलं नि तिचं कुठलं, कळेना.

"तीन किडे आहेत अजून," सून म्हणाली.

शिवणवालीने मान खाली घातली. "नेणार कधी मग?"

"कुठे नेते? भुकटी द्या इकडे. आणि नीट धरा हो तिला, घाबरलीये ती."