आढ्यातली नळी

दुबईत, करामाच्या फ्लॅटवर परवा नातीनं एक कोरियन सिनेमा लावला. बचाव पथकातला हिरो पेटलेल्या इमारतीत शिरतो आणि सगळ्यांना सोडून आधी आपल्या प्रेयसीला उचलतो. आगीतसुद्धा त्याचा भांग मोडत नाही.

"सो रोमँटिक ना, नानी?" नात डोळे पुसत म्हणाली.

"बंद कर ते," मी म्हटलं. डोकं फिरलं होतं माझं. मी बंबवाल्याची बायको. आगीतलं प्रेम मला कोणी शिकवू नये.

साठच्या दशकात तिचे नाना इथेच दुबईत आगीच्या बंबावर होते. खाडीकाठी खजुरीच्या झापांची घरं एकमेकांना चिकटून उभी, त्यातलं एक आमचं. आमच्या खानदानात चौथीच्या पुढे कोणी गेलं नव्हतं. मी रत्नागिरीला राहून बी.ए. झाले होते, आणि ते चारचौघांत सांगायला मी कधी लाजले नाही. तिथे आपल्या हिंदुस्थानी लोकांच्या मुलांसाठी शाळा निघत होती. हेडमास्तर म्हणाले, "शनिवारी ओरिजिनल सर्टिफिकेट घेऊन या. नोकरी तुमची."

सर्टिफिकेट पत्र्याच्या नळीत घालून मी आढ्याला खोचलं होतं. आमच्या कोकणात महत्त्वाचे कागद वरच ठेवतात. खाली ओल, वाळवी. वर चुलीच्या धुरानं कागद सुका राहतो. दुबईत कसली ओल? पण हात आपसूक वर गेला. बी.ए. झालेल्या बाईची अक्कल!

गुरुवारी दुपारी चार घरं पलीकडे स्टोव्ह भडकला. झापांची आग पाण्यानं आवरत नाही. वाऱ्याच्या वाटेवरचं एखादं घर दोर लावून पाडायचं, झाप खाडीत ढकलायचे, मोकळी जागा झाली की आग थांबते. वाटेवर आमचं घर होतं.

हे आत आले. ट्रंक, गोधड्या, भांडी भराभर बाहेर फेकली.

"बाहेर हो."

"अहो, नळी! आढ्यात आहे. दोन मिनिटं द्या."

"वाऱ्याला विचार देतो का."

मी त्यांचा हात धरला. त्यांनी झटकला आणि मधल्या खांबाला स्वतः दोर बांधला. त्यांच्यासोबतचा पठाण म्हणाला, "अरे, भाभी की बात तो सुन!" यांनी मान वळवली नाही. "यल्ला! ओढा!" म्हणून ओरडले, आणि माझं घर मटकन बसलं. झापांबरोबर नळीही खाडीत गेली.

आग तिथेच थांबली. पलीकडची सगळी आळी वाचली. लोक येऊन यांची पाठ थोपटून गेले. माझं काय गेलं, हे एकानंही विचारलं नाही.

शनिवारी हेडमास्तर म्हणाले, "कागद नाही, तर बी.ए. कशावरून?"

"आमच्या आळीत जाऊन न जळलेली घरं बघा," मी म्हटलं. "त्यांच्यापायी गेलाय माझा कागद."

त्यांनी मला बालवर्गात मुलांची नाकं पुसायला ठेवलं. युनिव्हर्सिटीकडून नक्कल येईपर्यंत, म्हणाले. ती यायला वर्ष गेलं. तेवढं वर्ष, ओहोटी लागली आणि ड्युटी नसली की हे खाडीच्या चिखलात गुडघाभर उभे राहून हातानं चाचपत असत. काय शोधताय, असं मी विचारलं नाही. मला माहीत होतं. भरती चढायला लागली तरी हाक मारली नाही. राहू दे उभे!

नक्कल आली तेव्हा ती त्यांनी हात धुऊन घेतली. वाचता येत नव्हतं, तरी बराच वेळ बघत राहिले. मला वाटलं, आता तरी चुकलं म्हणतील.

"आता खाली ठेव," ते म्हणाले.

"डिड ही एव्हर से सॉरी?" नातीनं विचारलं.

नाही. आणि मी आठ दिवस त्यांच्याशी बोलले नाही. कागद मात्र ट्रंकेतच ठेवला.