गेटवरच्या बाया उचलायचं काम

लोणावळ्याच्या अलीकडं बाटल्यांचा एक कारखाना होता. तिथं संप झाला आणि संपकऱ्यांच्या बायका गेटसमोर आडव्या पडल्या. मालाचे ट्रक आत अडकले. मालकानं पोलीस मागवले, ते आलेही, पण बायांना हात कोण लावणार? बाई पोलीस त्या काळी आमच्या भागात कुणी पाहिलीच नव्हती. मग कुणाच्या तरी सुपीक डोक्यात आलं, डोंगरातल्या बाया आणा. मोळ्या उचलतात, या बायकाही उचलतील.

म्हणून कुरवंड्याच्या वरच्या आमच्या वाडीत मुकादम आला. घरात पीठ संपलेलं. मी, माझी थोरली जाऊ आणि वाडीतल्या आणखी काहीजणी निघालो. जाऊचं पोर अंगावर पीत होतं, ते सासूकडं ठेवलं. मी मुकादमाला विचारलं होतं, "आमाला मारलं तर?" तो हसला. "एवढी पोलिसांची गाडी हाय, तुला कोन हात लावतंय?"

गेटवरच्या बाया ओळखीच्याच निघाल्या. त्यांच्या चाळीत आम्ही लाकडं विकायचो. त्यातली एक दर वेळी मोळी ओली आहे म्हणून किटकिट करायची. तिलाच मी काखेत धरलं, जाऊनं पाय धरले. ती मला कडकडून चावली. एकेकीला उचलून आम्ही गटाराच्या कडेला ठेवलं; उठून आल्या की परत ठेवलं. पोलीस काठ्या टेकून बघत होते, एकजण तर निवांत तंबाखू मळत होता.

ट्रक सुटले. पुढं जीप, मागं पोलिसांची गाडी, सगळा लवाजमा खंडाळ्याच्या रस्त्याला लागला. धुरळा खाली बसला तेव्हा आमच्या ध्यानात आलं की आता गेटवर फक्त आम्ही आणि त्या उरलोय.

त्यांनी आम्हाला पळू दिलं नाही. लुगडी फाडली, तोंडात चिखल कोंबला. जाऊला चौघींनी धरलं. मोळी ओली म्हणणारीनं तिचा उजवा हात गटाराच्या काठावर ठेवला आणि वरून दगड घातला. कारखान्याच्या पहारेकऱ्यानं ते पाहिलं आणि आतून कडी लावून घेतली.

जाऊला मी तसंच चौकीवर नेलं. फौजदार जेवत होता. हात धुऊन झाल्यावर म्हणाला, "बंदोबस्त मालाला होता. तुम्हाला पोलिसांनी बोलावलं होतं का?"

दुसऱ्या दिवशी मुकादम पुन्हा दारात. जाऊच्या हाताकडं बघून म्हणाला, "हिच्या जागी दुसरी द्या." माझं टाळकंच सरकलं. मी म्हटलं, "येतो. पन काम झालं की आमाला बी टरकात घाला. खंडाळ्यात उतरवा, तितनं आमी डोंगरानं जाऊ."

"टरकात माल असतो," तो म्हणाला.

"मालावर बसू."

तसंच झालं. बाया बाजूला करून आम्ही पेट्यांवर चढलो. दगड आलेच. एक माझ्या पाठीत बसला, तेव्हा कुणी हललं नाही. दुसरा पेटीवर आदळून बाटल्या फुटल्या, तशी पोलिसांच्या साहेबानं शिट्टी मारली. बायांना हात लावायचा नव्हता, काठी मात्र चालली. मोळी ओली म्हणणारी रस्त्यात आडवी झालेली मी ट्रकमधून पाहिली. मला बरं वाटलं. अजूनही वाटतं.

घरी आले तर जाऊ उंबऱ्यात बसलेली, हाताला हळदीचा लेप बांधून, पोराला डाव्या हातानं छातीशी धरून. ट्रकमध्ये कसं बसलो, पोलिसांनी आम्हाला खंडाळ्यापर्यंत कसं नेलं, ते मी तोऱ्यात सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"हे मुकादमाला आदल्या दिशी म्हनायचं कुनालाच सुचलं न्हाई व्हय?"

"न्हाई सुचलं, अक्का."

"मंजी माजा हात मोडल्याबिगर सुचनार नव्हतं." पोर कुरकुरायला लागलं होतं. तिनं त्याला दुसऱ्या बाजूला घ्यायची खटपट केली, मग माझ्याकडं न बघता म्हणाली, "ह्याला जरा ह्या अंगाला लाव. मला जमत न्हाई."