अरेला ‘कारे’

कचऱ्याची पिशवी ठेवायला खाली गेले, तर शेजारच्या आजोबांनी डोक्यावरची टोपी काढून सांगितलं, “कारे-सान गेल्या.” डोळे भरून आले आणि त्याच क्षणी हसूही फुटलं. जपानी जिभेला ‘ळ’ जमत नाही. काळेचं कारे होतं, आणि ‘कारे’ म्हणजे इथे करी! आमच्या सुमनताई काळे ग्योतोकु या आमच्या उपनगरभर करीबाई म्हणून गाजल्या. मराठीत म्हणाल, तर अरेला कारे करणाऱ्या. दोन्ही अर्थ त्यांना चपखल बसायचे.

ताई नवऱ्याच्या नोकरीपायी इथे आल्या. माहेर निपाणीचं, वडिलांची तंबाखूची वखार. स्टेशनजवळच्या तंबाखूच्या दुकानात अर्धवेळ काम मिळालं तेव्हा म्हणाल्या, “अगं, नुसता वास घेतला आणि माहेरी गेल्यासारखं वाटलं!” दुकान कसलं, सिगारेटी विकायची एक खिडकी. म्हाताऱ्या मालकीणबाई थकल्या तेव्हा त्यांनी ते ताईंच्याच हवाली केलं. त्या खिडकीशी लोक पत्ते विचारायचे, कुठला कचरा कुठल्या दिवशी ते विचारायचे, आणि देशातून नुकत्याच आलेल्या मुली मनसोक्त रडून घ्यायच्या. मी त्यातलीच एक. पुढे आम्ही दोघींनी बरोबरच इथलं नागरिकत्व घेतलं... आणि एक दिवस ताईंनी जाहीर केलं, नगरसभेची निवडणूक लढवणार!

इथे मतदार उमेदवाराचं नाव चिठ्ठीवर स्वतःच्या हाताने लिहितो. म्हणजे सगळी भिस्त नावावर. आडनावाला लोक हसतील या धास्तीने मी म्हटलं, “ताई, नुसतं ‘सुमन’ लावा.”

“वेडी की काय! सुमन म्हणजे जपानीत ‘सॉरी’. ट्रेनमध्ये, शाळेत, डॉक्टरकडे, आल्यापासून सॉरीच म्हणतोय आपण. आता मतंही सॉरी म्हणून मागू? त्यापेक्षा करी बरी. सगळ्यांना आवडते.”

मोजणीत व्हायचं तेच झालं. काहींनी सरळ ‘करी’ लिहिलं होतं, हॉटेलच्या पाटीवर असते तशी. एकाने तर ‘करी, तंबाखूवाली’. अधिकाऱ्यांनी त्या चिठ्ठ्या बाजूला काढल्या, आणि ताईंची जागा नेमकी त्यांच्यावरच अडली होती. डोकी एकत्र आली, नियमांची पुस्तकं उघडली गेली... या नावाच्या जवळपास जाणारा दुसरा उमेदवारच नाही, सबब मतं वैध! ताई निवडून आल्या. त्या शिस्तशीर हॉलमध्ये मी जोरात ओरडले, तेही मराठीत.

स्वतः तंबाखू विकणाऱ्या या बाईंनी पहिला प्रस्ताव मांडला तो शाळेच्या रस्त्यावर धूम्रपान बंद करण्याचा. त्यांचे यजमान, आमचे काळेकाका, वैतागले. “आपल्याच पोटावर पाय?” ताई म्हणाल्या, “मोठ्यांना विकते मी. पोरांच्या नाकात धूर कशाला?” प्रस्ताव मंजूर झाला, आणि दुकानही काही बुडालं नाही.

हल्ली सकाळी दुकानाची खिडकी मी उघडते, कारण काकांना एकट्याने ते होत नाही. परवा तिथे बसल्याबसल्या ते म्हणाले, “तिची जागा रिकामी आहे. तू उभी राहतेस?”

“लोक हसतील, काका,” मी पटकन म्हणून गेले. माझं आडनाव माने, आणि जपानीत ‘माने’ म्हणजे नक्कल.

मग माझं मलाच हसू यायला लागलं... ताईंची नक्कल! याहून चांगलं नाव मी कुठून आणणार होते? मी उभी राहतेय. माने या नावानेच.