भुतांची कैवारीण

नव्वदच्या दशकात माणिकपूरच्या व्हिडिओ लायब्ररीत मला दर शनिवारी एक म्हातारी भेटायची. लाल लुगडं, कानात जड सोनं. कव्हरवरचं भूत बघून ती आधी क्रुसाची खूण करायची आणि मग हसत तीच कॅसेट उचलायची. तिचं नाव मी कधी विचारलं नाही. आम्हा दोघींनाही जुनीच भुतं आवडायची, पांढऱ्या साडीतली, करकरणाऱ्या दारामागची. म्हणून तिने परत केलेली कॅसेट मी घरी न्यायचे.

कॅसेट रिवाइंड करून परत द्यायची, असा दुकानाचा नियम होता. ती कधीच करायची नाही. मी घरी लावली की पडद्यावर थेट मशाली घेऊन निघालेला गाव दिसायचा. दुकानदार कुरकुरायचा.

शेवटी मीच विचारलं, "मावशी, तुम्ही शेवट बघतच नाही का?"

"काय बघायचं, बाय? आधी तिला मारली, म्हणून ती भूत झाली. आता परत तिलाच जाळायला निघाले!"

आता ते सिनेमे दुपारी टीव्हीवर लागतात. गावाने मशाली पेटवल्या की माझा हात रिमोटकडे जातो. माझ्या घरात आजवर एकही भूत मेलेलं नाही.