आईच्या माहेरची म्हैस

तात्या बायकोला 'अगं', भावाला 'अरे' आणि म्हशीला 'अहो' म्हणायचे. कसबा बावड्यात त्यांच्या गोठ्याशेजारी मी खोली घेतली, तेव्हा "अहो, सरका जरा" ऐकून मला वाटायचं, कुणी वडीलधारं पाहुणं आलंय. विचारलं तर म्हणाले, "आईच्या माहेरची हाय. मान द्याया नगं?"

आईला लग्नात शाहूवाडीहून एक रेडकू आंदण मिळालं होतं. ही चंद्रा त्याच्याच लेकीच्या लेकीची लेक. मधल्या लेकींचा आकडा दरवर्षी बदलायचा. दिवाळीच्या पाडव्याला म्हशी सजवून मिरवतात, तेव्हा तात्या चंद्राच्या पाठीवर रंगानं लिहायचे, 'आईच्या माहेरची'. त्यांचे धाकटे भाऊ अण्णा बघून तोंड वाकडं करायचे. "ती जात कवाच संपली. ही बाजारातली हाय."

मी म्हशींच्या जीनोमवर संशोधन करते हे कळल्यावर तात्यांनी माझा पिच्छाच पुरवला. आंदणाच्या म्हशीच्या शेपटीचे केस त्यांनी डब्यात घालून देव्हाऱ्यात जपले होते. मी सांगितलं, आईबापाकडून मिळून आलेला मोठा जीनोम जुन्या केसात बहुधा टिकत नाही. पण पेशीला ऊर्जा देणाऱ्या मायटोकाँड्रियात वेगळा, छोटासा जीनोम असतो. त्याच्या प्रती शेकड्यांनी असतात म्हणून तो हाती लागतो, आणि तो फक्त आईकडून येतो.

"म्हंजे घर पडलं तरी चुलीची दगडं घावत्यात की," तात्या म्हणाले. हे मला अजून कुठल्या पुस्तकात इतकं सोपं सापडलेलं नाही.

त्याच्याशी ताडून पाहायला मी चंद्राचे चार केस मागितले होते. दुसऱ्या दिवशी तात्या देव्हाऱ्यातला डबा आणि शिंगं रंगवलेली अख्खी चंद्रा घेऊन विद्यापीठातल्या आमच्या विभागाच्या दारात हजर. वॉचमननं ओळखपत्र विचारलं. तात्यांनी तिच्या कानातला बिल्ला दाखवला. त्यानं नंबर रजिस्टरात लिहून घेतला आणि तिला आत सोडलं.

रिपोर्ट आला तेव्हा तात्यांची अट एकच होती. "तिचा हाय, तिच्यासमोर वाच." मी गोठ्यात चंद्रासमोर उभं राहून वाचला. अण्णा दाराला टेकून ऐकत होते. जुळत नव्हतं. चंद्रा त्या वंशातली नव्हती. मला तो कागद खाऊन टाकावासा वाटला.

तात्यांनी तिची मान खाजवली. मग म्हणाले, "माझं तरी कुठं जुळतंय? मला आईनं नरसोबाच्या वाडीहनं उचलून आणलेलं. तिचं ते मायटो काय म्हनतीस, माझ्यात येक बी न्हाय. मग मी काय बाजारातला व्हय?"

मला हे माहीत नव्हतं. अण्णांना होतं. ते खाली बघत बाहेर गेले, आणि पुन्हा तो शब्द त्यांच्या तोंडून कुणी ऐकला नाही.

गेल्या पाडव्याला तात्या नव्हते. मी गोठ्यात गेले, तर अण्णा रंगाचा डबा घेऊन चंद्रापाशी उभे होते. 'आईच्या' एवढं लिहून झालं होतं आणि तिनं अंग थरथरवलं.

"अहो, हलू नगासा," अण्णा तिला म्हणाले, आणि पुढचा शब्द लिहायला लागले.