कागदावरची दोन वर्षं

सिंगापूरला जाताना माझ्या हातातल्या बॅगेत एका जुन्या बातमीची झेरॉक्स होती. बातमी माझीच होती. कोल्हापूरच्या एका दैनिकात मी क्रीडा पान पाहत असे, त्या काळातली. आंतरशालेय फुटबॉल स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात आठवीतल्या संग्रामने तीन गोल केले, असं तिच्यात दोन कॉलमांत म्हटलं होतं. दैनिकाच्या बांधीव फायलींमधून ती शोधायला दोन दिवस लागले. तिथल्या धुळीने धरलेला खोकला मुंबईच्या विमानतळापर्यंत आणि पुढे विमानातही चालू होता.

झेरॉक्स संग्रामने मागवली होती. तो आता सिंगापुरात मुलांना फुटबॉल शिकवतो आणि रविवारी एका हौशी संघातून खेळतो. आपलं खरं वय सिद्ध करायचं आहे आणि त्या बातमीत आपली इयत्ता छापलेली आहे, एवढंच त्याने फोनवर सांगितलं होतं. फोटो काढून पाठवला असता तर चाललं नसतं, दैनिकाचा शिक्का असलेली प्रत हवी होती. शिवाय मी निवृत्त झालो आहे आणि सिंगापूर पाहिलेलं नव्हतं.

चांगीच्या विमानतळावर सकाळी सातला उतरलो. गालिच्यावरून चालताना पावलांचा आवाज येत नाही, त्यामुळे एवढी गर्दी असूनही रुग्णालयात आल्यासारखं वाटतं. संग्राम बाहेर उभा होता. शरीराचा सगळा भार डाव्या पायावर. मी त्याला शेवटचं पाहिलं तेव्हा तो पेठेच्या संघातून खेळत होता आणि मैदानाच्या भिंतीवर बसलेली माणसं त्याच्या नावाने ओरडत होती. आता केस कपाळावरून मागे गेले आहेत. एमआरटी (शहरातली मेट्रो) बदलताना तो सरकत्या जिन्याकडे न जाता लिफ्ट शोधत होता.

ते सेरंगूनला राहतात, मोठ्या मॉलपासून दहा मिनिटांवर, बाराव्या मजल्यावरच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये. त्याची बायको स्नेहल पुण्याची. नोव्हेनाच्या एका रुग्णालयात ती फिजिओथेरपिस्ट आहे. तिने पोहे केले होते आणि ड्यूटीला निघायच्या गडबडीत होती. चपला घालताना म्हणाली, "काका, दुपारी तुमच्या खेळाडूला जिना चढू देऊ नका. चढला तर संध्याकाळी मलाच कामाला लावतो."

दुपारी जवळच्या हॉकर सेंटरला (एका छपराखाली पंचवीस-तीस खाण्याचे गाळे असतात) गेलो. संग्राम ताटं आणायला रांगेत उभा राहिला. मी एका रिकाम्या टेबलाशी बसलो. टेबलावर कागदी रुमालांचं न उघडलेलं पाकीट पडलं होतं. कुणीतरी विसरलं असेल असं समजून मी ते फोडलं आणि घाम पुसला. दुसरा रुमाल काढत असताना एक चिनी आजी सूपचा वाडगा घेऊन समोर येऊन उभ्या राहिल्या. याला इथे चोप (पाकीट ठेवून जागा धरणे) म्हणतात, हे मला संग्रामने धावत येऊन सांगितलं. धावला म्हणजे चार पावलं, तीही तिरकी. आजींनी माझ्याकडे, मग पाकिटाकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "नेव्हर माइंड अंकल, सिट, सिट." आम्ही तिघं एकाच टेबलावर जेवलो. त्यांनी एकदाही वर पाहिलं नाही.

भात, पालेभाजी आणि तिखट कोळंबी. जेवताना संग्रामने काम सांगितलं. त्यांच्या क्लबचे दोन संघ आहेत. एक खुल्या गटात खेळतो, दुसरा पस्तीस पूर्ण झालेल्यांच्या गटात. खुल्या गटात समोर कॉलेजची पोरं येतात. त्यांच्यामागे धावणं उजव्या गुडघ्याला आता जमत नाही. पस्तिशीच्या गटात खेळ संथ, मैदान लहान. तिथे अजून तीन-चार वर्षं निघतील, असं स्नेहलही म्हणते. नव्या हंगामाची यादी रविवारी पूर्ण होणार होती. संग्राम पस्तीस वर्षांचा आहे. पासपोर्टवर तो तेहतीस वर्षांचा आहे.

याचं कारण मला माहीत होतं. कोल्हापुरातल्या त्या सामन्यानंतर तीन महिन्यांनी एका अकादमीच्या निवड चाचण्या झाल्या. अकादमी बारा वर्षांखालची मुलं घेत होती, संग्राम तेरा पूर्ण होता. वडिलांनी दुसऱ्या शाळेत त्याचं नाव घालून नवा दाखला केला. तेव्हा हे सर्रास चालायचं. निवड झाली आणि ती बातमीही मीच लिहिली. आठवीतला मुलगा अकराचा कसा, असं मी वडिलांना विचारलं होतं. ते म्हणाले, साहेब, दाखल्यात आहे ते छापा. मी छापलं. फोटोसह चार कॉलम आले होते.

शनिवारी स्नेहलला सुट्टी होती. तिघं पुलाउ उबीनला गेलो. हे मुख्य बेटाच्या ईशान्येला आहे, जुनी कम्पाँगची (खेड्याची) घरं अजून शिल्लक असलेलं. जेट्टीवरून बमबोट (लाकडी मोटारहोडी) जाते, पण बारा माणसं झाल्याशिवाय नावाडी हलत नाही. आम्ही नऊ होतो. अर्धा तास बाकावर बसलो. नावाडी वर्तमानपत्र वाचत होता, घाई कुणालाच नव्हती. मग सायकलवाल्या तिघांचा घोळका आला आणि होडी सुटली.

बेटावर सायकली भाड्याने घेतल्या. पहिल्याच चढावर माझी साखळी उतरली. ती बसवताना हात काळे झाले आणि ते पुसायला काहीच नव्हतं. कालच्या प्रकारानंतर रुमाल विकत घ्यायला हवा होता, असं स्नेहल म्हणाली. संग्राम सायकल हातात धरून चालत चढ चढला. बाजूला रबराची आणि नारळाची झाडं. दोन रानडुकरं रस्ता ओलांडून गेली, त्यांच्याकडेही कुणी फार वेळ पाहिलं नाही. हवा ओल्या फडक्यासारखी अंगाला चिकटत होती.

पत्र्याच्या छपराच्या एका घरासमोर शहाळी मिळाली. तिथे तासभर बसलो. अकादमीपासून पुढचं सगळं त्याने तिथे सांगितलं, मी विचारलं तेवढंच आणि त्याच क्रमाने. नव्या शाळेत त्याला पुन्हा सहावीत बसवलं होतं. सहावी आणि सातवी त्याने दोनदा केली. पोरं हसायची हिंमत करत नसत, कारण तो त्यांच्यापेक्षा वीतभर उंच होता. अकादमीत चार वर्षं तो सगळ्यात वेगवान होता. मग पंजाबातल्या दुसऱ्या अकादमीने नेलं, तिथे सोळा वर्षांखालच्या संघाचा कप्तान झाला. पहिला व्यावसायिक करार गोव्यात, दुसऱ्या श्रेणीच्या क्लबशी. दोन हंगामांत मिळून सात सामने, बहुतेक शेवटची दहा मिनिटं. मग कोलकात्यात एक वर्ष राखीव खेळाडूंच्या बाकावर. गुडघ्याची शस्त्रक्रिया. मग परत कोल्हापूर, पेठेचा संघ, सामन्यानंतर चौकात मिरवणूक. तिथून एका मित्राच्या ओळखीने इथली प्रशिक्षकाची नोकरी. या क्लबला स्वतःचं मैदान नाही, तासाने घ्यावं लागतं. गोलच्या जाळ्या खेळाडूच बांधतात आणि जर्सी ज्याची त्याने धुवायची.

"सोळाखालच्या टीममध्ये मी सतराचा होतो, सर," तो म्हणाला. "पोरं माझ्या खांद्याला आपटून पडायची. कोच म्हणायचे, काय ताकद आहे. मोठ्यांत गेलो तर सगळे माझ्याएवढेच निघाले. मी चांगला होतो की नुसता मोठा होतो, ते अजून कळलेलं नाही बघा."

स्नेहल शहाळ्यातली मलई खरवडत होती. तिने मान वर न करता विचारलं की उद्या ती बातमी देऊन तो नेमकं काय सांगणार आहे.

"खरं वय."

"म्हणजे पासपोर्टवरची तारीख खोटी आहे असं स्वतःच्या हाताने लिहून देणार. तुझा कामाचा पास कशावर दिलाय? आपला लग्नाचा दाखला कशावर आहे?"

क्लब काही सरकार नाही, क्लबचे सचिव टॅन अंकल कागद कपाटात ठेवतील, असं काहीतरी तो म्हणाला. ती म्हणाली की या देशात कपाटातला कागद कपाटातच राहतो अशी खात्री त्याने तिला द्यावी, मग तीच त्याचा फॉर्म भरेल. हे माझ्याही डोक्यात आलं नव्हतं. तीस वर्षं कागद तपासण्याचं काम केलेला माणूस तो कागद घेऊन समुद्र ओलांडून आला होता. परतीच्या होडीला माणसं लगेच भरली.

रविवारी दुपारी तीनला एका शाळेच्या मैदानावर खुल्या गटाचा सामना होता. निघताना संग्रामने माझ्याकडून झेरॉक्सचं पाकीट मागून घेतलं आणि किटबॅगेत, बुटांच्या वर ठेवलं. स्नेहलने ते पाहिलं. तीही सोबत आली. एरवी ती सामन्याला जात नाही.

संघात घरपोच जेवण पोचवणारे दोन मलय, एका बँकेतला जपानी, केरळचा एक इंजिनियर आणि तीन-चार चिनी होते. टॅन अंकल म्हणजे सत्तरीचे निवृत्त शिक्षक, गळ्यात शिट्टी आणि हातात फॉर्मांची प्लॅस्टिकची फाइल. संग्राम उजव्या बगलेवर खेळत होता. चेंडू पायात आला की तो अजूनही आधी मान वर करून पाहतो, ही सवय मला ओळखीची वाटली. पण पास दिल्यावर जिथे पुढे धावायचं तिथे तो चालत होता. समोरचा मुलगा विशीतला असावा. त्याने तिसऱ्यांदा त्याला मागे टाकलं तेव्हा आमच्याच संघातला मलय गोलरक्षक ओरडला, "वेक अप लाह, ग्रँडपा!" सगळे हसले, संग्रामही.

विसाव्या मिनिटाच्या सुमारास विजेचा भोंगा वाजला. इथे आभाळात वीज जवळ आली की मैदानावर इशारा होतो आणि खेळ थांबवून सगळ्यांना छपराखाली जावं लागतं. पाऊस पडत नव्हता. दोन्ही संघ एकाच शेडमध्ये बाकांवर बसले. टॅन अंकलांनी वेळ वाया न घालवता पस्तिशीच्या गटाचे फॉर्म वाटायला घेतले. जपान्याने भरला, केरळच्या इंजिनियरने भरला. मग ते संग्रामसमोर आले. त्यांनी त्याला लंगडताना पाहिलं होतं आणि तो त्यांना हवा होता, हे उघड दिसत होतं.

"यू हाऊ ओल्ड, आह?"

किटबॅग त्याच्या पायांशी उघडी होती. स्नेहल शेडच्या दुसऱ्या टोकाला उभी होती, आभाळाकडे पाहत. मी माझ्या हातांकडे पाहिलं. काल साखळीचं वंगण लागलेलं, नखांत अजून होतं.

"थर्टी-थ्री," संग्राम म्हणाला.

"आय्या." त्यांनी फॉर्म परत फाइलमध्ये घातला. "टू मोर इयर्स. नेव्हर माइंड. यू स्टिल यंग." आणि पुढच्या माणसाकडे वळले.

इशारा चाळीस मिनिटं चालला. पुन्हा शिट्टी झाली तेव्हा तो उठला, दोन पावलं टाकली आणि बसला. बसल्या बसल्या गुडघा आखडला होता. स्नेहल येऊन खाली बसली, गुडघ्याच्या दोन्ही बाजूंनी बोटं दाबून पाहिली आणि फक्त मान हलवली. त्याने बूट काढले. त्याच्या जागी दुसरा गेला. सामन्यात पुढे काय झालं ते मी टिपलं नाही.

तो मोजे काढत असताना पाकीट बाहेर आलं. त्याने झेरॉक्स काढून पहिल्यांदा सगळी वाचली. दोन कॉलमच होते, पण बराच वेळ लागला.

"ह्या मॅचला सगळे माझ्याच वयाचे होते ना, सर?"

चौदा वर्षांखालचा गट होता. समोरच्या संघातल्या मुलांचे दाखले त्या दिवशी मी पाहिले नव्हते, कुणीच पाहिले नव्हते. मी हो म्हणालो. ही मी ठेवतो, असं तो म्हणाला आणि घडी घालून ती पासपोर्टच्या प्रतीबरोबर ठेवली.

सोमवारी सकाळी तो विमानतळावर आला नाही, स्नेहलने येऊ दिलं नाही. ती नोव्हेनाला जाण्याऐवजी माझ्याबरोबर चांगीपर्यंत आली आणि तिथून उलट गाडीने कामावर गेली. गुडघा दोन वर्षं टिकेल का, असं मी तिला गाडीत विचारलं. जिना चढण्यापुरता टिकेल, असं ती म्हणाली.

कोल्हापुरात परतलो तेव्हा फुटबॉलचा हंगाम चालू होता. मी मैदानावर गेलो नाही. त्याचे वडील बाजारात भेटले. पोरगं खेळतंय ना अजून, असं त्यांनी विचारलं. गुडघा दुखतो आहे, एवढं मी सांगितलं. या वयात गुडघा कसा दुखेल, तेहतीस म्हणजे काय, असं ते म्हणाले. ते चेष्टा करत नव्हते. इतकी वर्षं प्रत्येक अर्जावर तोच आकडा भरून त्यांना तो पाठ झाला असावा. पहिल्यांदा तो मीच छापला होता.

चूक छापली गेली तर दुसऱ्या दिवशी त्याच पानावर दुरुस्ती द्यायची, असं आमच्याकडे शिकवत. निवडीच्या त्या बातमीची दुरुस्ती मी कधी दिली नाही आणि आता त्याच्या नावाने देताही येणार नाही. म्हणून या लेखात त्याचं, त्याच्या बायकोचं आणि क्लबच्या सचिवांचं नाव बदललं आहे. पेठेचं नाव दिलेलं नाही. वय बदललेलं नाही. तो पस्तीस वर्षांचा आहे.