झेललेला हार

इथे अमेरिकेत, एडिसन गावात आमच्या शेजारी राहणारा अमेरिकन गृहस्थ पूर्वी बेसबॉल खेळायचा. खेळ सुटल्यावर त्याने माइक धरला आणि आता देशी लग्नांत सूत्रसंचालक म्हणून त्याला मोठी मागणी आहे. तोंडात सतत सूर्यफुलाच्या बिया असतात आणि प्रत्येक विनोदानंतर तो टाळ्यांसाठी थांबतो. कचऱ्याचा डबा बाहेर ठेवताना भेटला तरी थांबतो. मग मी वाजवतो.

माझ्या भाचीच्या लग्नातही माइक त्याच्याच हातात होता. हार घालायच्या वेळी नवऱ्याच्या मित्रांनी त्याला खांद्यावर उचललं. भाची बुटकी. तिने चिडून हार फेकला तो त्याच्या डोक्यावरून पलीकडे गेला.

"अगं बाई, हार पडणार," माझी बहीण पुटपुटली. अपशकुनाच्या भीतीने तिचा चेहरा उतरला.

तेवढ्यात आमच्या शेजाऱ्याने माइक टाकून झेप घेतली आणि दोन खुर्च्या पाडत हार जमिनीपासून वीतभर वर झेलला. सगळा हॉल उभा राहिला. तो कपडे झटकत उठला, हार भाचीच्या हातात दिला आणि मित्रांना मोडक्या मराठीत म्हणाला, "आता त्याला खाली ठेवा."

त्यांनी निमूट ठेवला.

त्या दिवशी बहिणीने विहीणबाईंच्या आधी त्याला जेवायला बसवलं.